चकवा आणि कडा

डोंगराकाठच्या गावांत चकव्याच्या गोष्टी अजून सांगितल्या जातात. रात्री शेतावरून घरी निघालेला माणूस चालत राहतो, चालत राहतो, आणि पहाटे पाहतो तर जिथून निघाला त्याच बांधावर उभा. चकवा लागला, म्हणतात. शहरातला माणूस हे ऐकून हसतो. पण चकवा म्हणतात ते खरोखर घडतं, आणि ते मोजूनही झालेलं आहे. जर्मनीतल्या माक्स प्लांक संस्थेतल्या यान साउमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काही माणसांना जर्मनीतल्या एका सपाट जंगलात आणि ट्युनिशियाकडच्या सहारात नेलं, नाकासमोर सरळ चालत राहायला सांगितलं आणि त्यांच्या वाटा जीपीएसवर टिपल्या. हा अभ्यास २००९ साली ‘करंट बायॉलॉजी’ या नियतकालिकात आला. सूर्य दिसत होता तोवर माणसं बऱ्यापैकी सरळ गेली. आभाळ भरलेल्या दिवशी जंगलात सोडलेली माणसं मात्र गोल गोल फिरली, आणि त्यांतल्या काहींनी आपलीच मघाची वाट ओलांडली तरी त्यांना पत्ता लागला नाही. डोळे बांधून चालवलं तेव्हा तर काही वर्तुळं जेमतेम २० मीटर व्यासाची निघाली. एक पाय जरा आखूड असतो म्हणून माणूस वळत जातो, हा ऐकीव खुलासाही इथे टिकला नाही, कारण एकच माणूस कधी डावीकडे वळत होता तर कधी उजवीकडे. ‘सरळ’ कशाला म्हणायचं याचा मेंदूतला अंदाजच पावलागणिक थोडा थोडा सरकतो, आणि बाहेरची एखादी स्थिर खूण दिसत नसेल तर ती चूक साठत जाते.

तेव्हा ‘मला दिशेचं उपजत भान आहे’ असं म्हणणाऱ्या माणसाबरोबर पावसाळ्यात डोंगरात जाऊ नये. ज्याला तो उपजत भान म्हणतो ते बहुधा ऊन, सावली आणि समोरचा ओळखीचा सुळका यांचं मिळून झालेलं असतं, आणि जुलैच्या धुक्यात ही तिन्ही एकदम जातात. सूर्यावरून दिशा काढण्याच्या युक्त्याही आपल्याकडे जपूनच वापराव्या लागतात. घड्याळाचा काटा सूर्याकडे धरून दक्षिण काढायची युक्ती युरोपातून आली. तिकडे सूर्य दुपारी नेमाने दक्षिणेला असतो. मुंबई-पुण्याच्या अक्षांशावर मेच्या मध्यापासून जुलैच्या अखेरीपर्यंत भर दुपारचा सूर्य डोक्यावरून, किंबहुना किंचित उत्तरेकडून जातो. त्या दिवसांत ही युक्ती वापरणारा थेट उलट्या दिशेला जाऊ शकतो. रात्री ध्रुवतारा आहे म्हणावं, तर पावसाळ्यात तोही ढगांआड. उरतं ते होकायंत्र.

इथपर्यंतचं म्हणणं पटायला सोपं आहे, आणि म्हणूनच ट्रेकच्या सामानाच्या यादीत होकायंत्र असतं. अडचण पुढे आहे. होकायंत्र चकवा उतरवतं. कडा दाखवत नाही. उत्तर कुठे आहे हे सह्याद्रीत कळलं तरी तिकडे जाता येईलच असं नाही. हा डोंगर लाव्हाच्या थरांवर थर चढून झालेला आहे, म्हणून तो जिन्यासारखा दिसतो: कडा, मग पदर, पुन्हा कडा. मुख्य रांग साधारण दक्षिणोत्तर पसरलेली, पूर्वेला देशाकडे हळूहळू उतरणारी आणि पश्चिमेला कोकणात एकदम तुटलेली. अशा भूगोलात नाकासमोर सरळ चालण्याचं कौशल्य जिवावर बेतू शकतं. इथे चुकणारी माणसं बहुतेक परतीच्या वाटेवर चुकतात. दिवस कलतीला लागलेला असतो, पाय थकलेले असतात, आणि मळलेली वाट म्हणून धरलेली वाट ही ढोरवाट निघते. ढोरवाटेला पोहोचायची घाई नसते. ती चाऱ्याकडे जाते, फुटते, पुन्हा फुटते आणि शेवटी करवंदीच्या जाळीत विरते. मग कुणीतरी म्हणतं, ओढा धरून उतरू, पाणी गावाकडेच जातं. पाणी गावाकडे जातं हे खरं; पण थराची कड आली की ते उडी मारतं. कोरड्या ओढ्यातून उतरणारा माणूस एका टप्प्यावरून कसाबसा घसरत खाली येतो, पुढचा टप्पा ५० मीटरांचा असतो, आणि मागचा आता चढून जाता येत नाही. शोधपथकांना माणसं अशाच जागी अडकलेली सापडतात. त्यांना उत्तर-दक्षिण कळत नव्हती असं नाही. आपण नेमके कुठे आहोत याचा हिशेब त्यांनी तास-दीड तास आधीच सोडून दिलेला होता.

माझं म्हणणं एवढंच आहे की नकाशा आणि होकायंत्र ही हरवल्यावर पिशवीतून बाहेर काढायची साधनं नव्हेत. हरवलेल्या माणसाला नकाशाचा उपयोग फार थोडा होतो, कारण नकाशाला पहिला प्रश्न विचारायचा तर आपण कुठे आहोत हे आधी ठाऊक हवं. ही साधनं वापरायची ती वाट बरोबर असताना, सगळं ठीक चाललेलं असताना, कंटाळा येईपर्यंत. आणि दोहोंत थोरला कोण असं विचाराल तर सह्याद्रीपुरता तरी नकाशा.

नकाशा म्हणजे भारतीय सर्वेक्षण विभागाचं स्थलदर्शक पत्रक, ज्याला ट्रेकर मंडळी टोपोशीट म्हणतात. हे खातं १७६७ सालचं. त्याची नेहमी वापरायची पत्रकं १:५०,००० या प्रमाणावर असतात, म्हणजे कागदावरचे दोन सेंटिमीटर म्हणजे जमिनीवरचा एक किलोमीटर. एका पत्रकात अक्षांश-रेखांशांची १५-१५ मिनिटं मावतात. जुन्या क्रमांकाप्रमाणे कळसूबाई ४७ ई/१० वर येतं, तर हरिश्चंद्रगडासाठी ४७ ई/१५ लागतं. आपला ट्रेक पत्रकाच्या नेमक्या कडेवर येणार हा जणू नियमच आहे. भूगोलाच्या पेपरात पाच-सहा गुणांसाठी पाठ करून विसरलेल्या समोच्च रेषा इथे तपकिरी रंगात भेटतात. दर २० मीटर उंचीला एक रेषा, दर १०० मीटरला एक जाड. सगळा डोंगर या रेषांत आहे, फक्त तो वाचायला डोळा तयार व्हावा लागतो. रेषांचं टोक उताराकडे फुगलं असेल तर ती सोंड, चढाकडे आत घुसलं असेल तर घळ. दोन माथ्यांमध्ये रेषा कमरेसारख्या आवळल्या की खिंड. दाट रेषांच्या दोन पट्ट्यांमध्ये विरळ रेषांची चिंचोळी जागा दिसली तर तो पदर, आणि अनेक जुन्या वाटा अशा पदरावरूनच जातात. सुट्टीच्या दिवशी घरी बसून एवढं ओळखता आलं तरी निम्मं काम झालं: सोंडेवरची वाट बहुधा सुटते, घळीतली अडकवते.

जरा बारकाईने पाहू. पत्रकावर दोन मिलिमीटरच्या जागेत पाच रेषा बसल्या असतील तर १०० मीटर चालण्यात १०० मीटर चढ, म्हणजे ४५ अंशांचा उतार. त्यावर गवत ओलं असेल तर हात टेकल्याशिवाय उतरता येत नाही, आणि पाठीवर पिशवी असेल तर हात टेकूनही नाही. रेषा एकमेकींना चिकटून जाड तपकिरी पट्टा झाला असेल तर बोलायलाच नको. उलट बाजूने हेही लक्षात ठेवायला हवं की २० मीटरच्या दोन रेषांमध्ये १५ मीटरचा सरळ तुटका कातळ निवांत लपू शकतो. पत्रक खोटं बोलत नाही, पण सगळं सांगतही नाही. पाण्याच्या रंगातही अशीच मेख आहे. बारमाही पाणी निळं दाखवतात, कोरडे पडणारे ओढे काळ्या रेघेने. सह्याद्रीतले बहुतेक ओढे काळेच. मार्चमध्ये ती काळी रेघ म्हणजे पाणी नाही, बाटल्या भरून घ्या. जुलैमध्ये तीच रेघ म्हणजे सकाळी घोटाभर पाण्यातून ओलांडलेला आणि दुपारी कमरेवर चढलेला ओढा. सहलीची आखणी करताना परतीच्या वाटेवर अशा किती काळ्या रेघा आडव्या येतात हे बोटाने मोजावं. हे काम कुठलंही अ‍ॅप आपल्या वतीने करत नाही.

वेळेचा अंदाजही नकाशावरूनच येतो. विल्यम नेस्मिथ या स्कॉटिश गिर्यारोहकाने १८९२ साली एक साधा हिशेब मांडला: दर पाच किलोमीटर चालीला एक तास, आणि दर ६०० मीटर चढाईला आणखी एक तास. बारी गावातून कळसूबाईची वाट साडेतीन किलोमीटरच्या आसपास आहे; मोजपट्टीने मोजली तर सात सेंटिमीटर. सपाटीवर पाऊण तासाचं काम. पण बारीपासून १,६४६ मीटरच्या माथ्यापर्यंत चढ जवळजवळ ९०० मीटरचा, म्हणजे आणखी दीड तास. सव्वादोन तासांचा हा हिशेब थंड हवेतल्या कसलेल्या माणसाचा; आपल्या उन्हात, मिश्र वयाच्या गटाला तीन-साडेतीन तास धरावे. हा आकडा आधी काढला असेल तर दुपारी दोन वाजता अर्ध्या वाटेवर ‘आता माथा आलाच’ म्हणणाऱ्याला गप्प करता येतं. अंधारात उतरायची वेळ बहुधा अशा न केलेल्या हिशेबातून येते.

आता होकायंत्र. चुंबकीय उत्तर आणि खरी उत्तर यांत फरक असतो, म्हणून इंग्रजी पुस्तकांत त्या फरकाच्या दुरुस्तीवर पानंच्या पानं खर्ची पडलेली असतात. अमेरिकेच्या काही भागांत हा फरक १५ अंशांपर्यंत जातो, तेव्हा ते योग्यच. महाराष्ट्रात सध्या तो एका अंशाच्या आत आहे, आणि एका अंशाची चूक म्हणजे किलोमीटरमागे १७-१८ मीटर; तेवढं आपलं पाऊलच इकडेतिकडे पडतं. या बाबतीत आपण नशीबवान आहोत. खरा घोटाळा दुसरीकडे आहे, आणि त्याची उत्तम साक्ष अलिबागला मिळते. मुंबईच्या कुलाबा वेधशाळेत एकोणिसाव्या शतकाच्या चाळिशीपासून पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी होत होत्या. शहरात विजेच्या ट्राम येणार असं ठरलं तेव्हा त्या विजेने नोंदी बिघडतील हे उघड झालं, आणि वेधशाळेचे संचालक नानाभाई फ्रामजी मूस यांच्या पुढाकाराने १९०४ साली अलिबागला नवी चुंबकीय वेधशाळा उभी राहिली. तिच्या बांधकामाला चुंबकत्व नसलेला पोरबंदरचा वालुकाश्म वापरला, लोखंड टाळलं. आपला काळा कातळ म्हणजे बेसाल्ट. त्यात चुंबकीय खनिज असतं आणि त्याच्या अगदी जवळ सुई बहकू शकते. म्हणून होकायंत्र कातळावर टेकवून वाचू नये. उभं राहावं, छातीशी आडवं धरावं, चार पावलं सरकून पुन्हा वाचावं. गडावरचे लोखंडी कठडे, कळसूबाईच्या शिड्या, विजेच्या तारा आणि खिशातला मोबाइल यांनाही हेच लागू. परदेशातून कुणी भेट म्हणून आणलेलं होकायंत्र वापरत असाल तर सुई आडवी फिरते की एका टोकाने टेकते तेही पाहून घ्यावं; चुंबकीय विषुववृत्त भारताच्या दक्षिण टोकाजवळून जातं, आणि उत्तर युरोपासाठी तोललेली सुई इथे तिरकी होते.

वापरायची रीत लिहिताना लांबते, हाताला दहा मिनिटांत येते. धुकं दाटून आलंय आणि खिंडीतून पठारावरच्या देवळाकडे जायचंय असं समजा. होकायंत्राची पारदर्शक पट्टी नकाशावर अशी ठेवायची की तिची लांब कड खिंडीला आणि देवळाला टेकेल आणि पट्टीवरचा बाण देवळाकडे रोखलेला असेल. मग तबकडी फिरवून तिच्या तळाशी असलेल्या रेघा नकाशावरच्या उभ्या रेषांना समांतर करायच्या, उत्तरेची खूण नकाशाच्या माथ्याकडे. आता नकाशा बाजूला. होकायंत्र हातात आडवं धरून आपण जागच्या जागी फिरायचं, सुईचं लाल टोक तबकडीवरच्या बाणावर बसेपर्यंत. पट्टीवरचा बाण दाखवेल तिकडे देऊळ. नवखे लोक इथे सुईच्या मागे चालू लागतात. सुई उत्तर दाखवते, देऊळ नव्हे. त्या दिशेतलं एखादं झाड किंवा दगड हेरून तिथवर जायचं, मग पुढचा. काहीच दिसत नसेल तर एकाला आवाजाच्या टप्प्यात पुढे उभं करायचं आणि त्याच्यापर्यंत जायचं. ओढ्याकाठच्या एखाद्या टाक्याकडे निघालो असू तर नेम मुद्दाम थोडा डावीकडे धरायचा. नेमक्या टाक्यावर नेम धरला आणि ओढा लागला तरी टाकं दिसलं नाही, तर डावीकडे शोधायचं की उजवीकडे हे कळत नाही. ठरवून डावीकडे चुकलेल्याला कळतं. आणि हरिश्चंद्रगडासारख्या ठिकाणी, जिथे कोकणकडा पश्चिमेला आहे, धुक्यात एवढं तरी ठरलेलं असावं की पश्चिमेकडे एकही पाऊल टाकायचं नाही.

या सगळ्याच्या मुळाशी एक सवय आहे, आणि तिला यंत्र लागत नाही. नकाशा वाटेच्या दिशेला वळवून, घडी करून हातात धरायचा आणि अंगठा आपण जिथे आहोत तिथे ठेवायचा. प्रत्येक खुणेपाशी तो पुढे सरकवायचा. निघताना स्वतःला विचारायचं, पुढच्या पंधरा मिनिटांत काय लागायला हवं? उजवीकडून येणारा ओढा, मग सोंडेवर चढ, मग खिंड. ओढा लागला नाही तर थांबायचं, कारण चूक अजून पंधरा मिनिटांचीच आहे आणि शेवटची खात्रीची जागा मागे दिसते आहे. परत फिरायला लाज वाटते, गट कुरकुर करतो. ती कुरकुर स्वस्त असते.

यावर पहिला आक्षेप ठरलेला: मोबाइल कशासाठी आहे? आक्षेप रास्त आहे आणि त्याला टाळाटाळीचं उत्तर देऊ नये. आपण कुठे आहोत हे सांगण्यात मोबाइल नकाशा-होकायंत्रापेक्षा कितीतरी सरस आहे. त्याला नेटवर्कही लागत नाही, नकाशा आधी उतरवून ठेवलेला असला की झालं. तो जरूर न्यावा. पण पडद्यावरचा निळा ठिपका तुम्ही कुठे आहात ते सांगतो, तुमच्या आणि गावाच्या मध्ये काय आहे ते समोच्च रेषाच सांगतात, आणि त्या वाचता येत नसतील तर पडद्यावरही येत नाहीत. सांदणसारख्या अरुंद घळीत आभाळाची फक्त पट्टी दिसते. उपग्रहांचे संदेश कातळावर आपटून येतात आणि ठिपका भलतीकडे उड्या मारतो. ओल्या बोटांना पावसात पडदा दाद देत नाही. कुणीतरी जानेवारीत चालून ठेवलेला ट्रॅक जुलैत उतरवून त्याच्यामागे जाणं तर निव्वळ भाबडेपणा, कारण त्याचा कोरडा ओढा आता धबधबा आहे. शिवाय बॅटरी संपते, आणि ती संपते तेव्हा ११२ ला लावायचा फोनही संपतो. मोबाइल पिशवीत राखून ठेवायचा आणि कागद हातात, हा मला शहाणपणाचा क्रम वाटतो. मदत मागायची वेळ आली तरी लोणावळ्याच्या शिवदुर्ग मित्रसारख्या पथकाला ‘जंगलात आहोत, झाडं दिसतायत’ याऐवजी ‘ओढ्याच्या डाव्या सोंडेवर, पहिल्या पदरावर आहोत’ असं सांगता येण्याने कित्येक तास वाचतात.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. गावातला वाटाड्या घेतला की हे सारं कशाला? खरंच आहे, त्या डोंगरात गुरं चारत वाढलेल्या माणसाला जे ठाऊक असतं ते कुठल्याच पत्रकात नाही, आणि अवघड घाटवाटेवर त्याच्याशिवाय जाऊ नये. त्याला त्याच्या कामाचे पैसे देताना घासाघीसही करू नये. पण साठ जणांच्या गटापुढे एक वाटाड्या असतो, आणि हरवतो तो शेपटाकडचा, चप्पल तुटली म्हणून मागे राहिलेला. शेपटाकडच्या एकाच्या हातात तरी नकाशा असला पाहिजे. नकाशा पाहिलेला माणूस वाटाड्याला प्रश्नही बरे विचारतो: या पदरावर पाणी आहे का, ही घळ पावसात उतरते का.

पत्रकं जुनी झालीत, ही तिसरी तक्रार. झालीच आहेत. वाटा मोडल्या, धरणं झाली, वाड्या उठल्या, आणि नावं तर इंग्रजीतून फिरून आल्यामुळे ओळखू येत नाहीत. जुन्या पत्रकांचा पाया वेगळा असल्याने मोबाइलमधले अक्षांश-रेखांश त्यांवर तसेच मांडले तर जागा शंभरेक मीटर सरकते. २००५ च्या राष्ट्रीय नकाशा धोरणानंतर आलेली खुल्या मालिकेची पत्रकं मात्र जीपीएसच्याच मापावर आहेत आणि खात्याच्या संकेतस्थळावरून उतरवून घेता येतात. वाट बदलली तरी सोंड, घळ, खिंड बदलत नाहीत. अगदी कधीच नाही असंही नव्हे: २०१४ साली माळीण आणि २०२३ साली इर्शाळवाडी इथे डोंगराचा उतारच खाली आला. तेव्हा कागद आणि समोरचा डोंगर जुळत नसतील तर डोंगराचं ऐकावं.

सराव पावसाळ्यात सुरू करू नका. डिसेंबरच्या एखाद्या स्वच्छ सकाळी रतनगडावर जा आणि होकायंत्र हातात घ्या. कळसूबाई तिथून जवळजवळ थेट उत्तरेला आहे, अंतर साधारण ११ किलोमीटर. सुई कळसूबाईकडे रोखलेली दिसली नाही तर आधी कमरेच्या पट्ट्याचं बक्कल आणि वरच्या खिशातला मोबाइल तपासा.